पीएस टूची लेन्स गेली म्हणून गेमही गेला का? होमब्र्यू आणि गेम बॅकअपची सगळी गोष्ट

माळ्यावरचं खोकं खाली उतरवलं जातं. धूळ झटकून प्लेस्टेशन टू टीव्हीला जोडला जातो. जुना टीव्ही केव्हाच भंगारात गेलेला असतो, म्हणून लाल, पांढऱ्या आणि पिवळ्या वायरींसाठी कन्व्हर्टर आणला जातो. मशीन सुरू होतं. निळसर अंधारात ते ओळखीचे मनोरे उभे राहतात, तो ओळखीचा आवाज येतो. मग क्रिकेट ०७ ची डिस्क आत जाते.

आणि स्क्रीन लाल होतो. प्लेस्टेशनची डिस्क टाका, असा मेसेज येतो.

डिस्क तर खरी आहे, दुकानातून बिल घेऊन आणलेली. पण मशीनला ती दिसतच नाही.

दहा-पंधरा वर्षांनी पीएस टू बाहेर काढणाऱ्या भल्याभल्यांचा इथे मूड जातो. मग कुणी तरी सांगतं, "अरे, पेन ड्राइव्हवरून चालव ना." कुणी "मेमरी कार्डमध्ये सॉफ्टवेअर टाकून घे" म्हणतं, तर कुणी "ते बेकायदेशीर असतं" म्हणून घाबरवतं. यातलं खरं काय, हे सगळं चालतं कसं आणि कायदा काय म्हणतो, ते नीट समजून घ्यायला हवं.

मशीन ठणठणीत, मग गेम का लागत नाही?

पीएस टू ४ मार्च २००० रोजी जपानमध्ये आला. जगभरात त्याचे १५ कोटी ५० लाखांहून जास्त नग विकले गेले. सगळ्यात जास्त विकल्या गेलेल्या गेमिंग कन्सोलमध्ये त्याचं नाव अगदी वरचं आहे. उत्पादन २०१३ च्या सुरुवातीपर्यंत थांबलं. जपानमध्ये सोनीने दुरुस्तीसाठी मशीन घेणंही २०१८ मध्ये बंद केलं.

म्हणजे आज जगात जो कुठला पीएस टू चालू आहे, तो दहा वर्षांहून जुना आहे. बरेचसे तर वीस वर्षांच्या आसपासचे आहेत.

आता अशा मशीनमध्ये आधी काय बिघडतं? प्रोसेसर नाही आणि मेमरीही नाही. त्यांच्यात हलणारा भागच नसतो. आधी जाते ती लेन्स. डिस्क वाचणारा लेझर वयानुसार मंदावतो, लेन्सवर धूळ बसते, ती पुढे-मागे सरकवणारी प्लॅस्टिकची दातेरी चाकं झिजतात. आपल्याकडचा पावसाळा आणि दमट हवा यांनी त्यात भर पडते.

दुसरा कमकुवत भाग म्हणजे खुद्द डिस्क. खालच्या बाजूला ओरखडे पडतात, कडेने हवा शिरून आतला चमकदार थर खराब होतो.

थोडक्यात, मशीनचा मेंदू शाबूत असतो, पण डोळे गेलेले असतात. गेमची माहिती दुसऱ्या कुठल्या रस्त्याने त्या मेंदूपर्यंत पोचवता आली, तर गेम पुन्हा चालेल.

हा दुसरा रस्ता होमब्र्यूमुळे मिळतो.

होमब्र्यू म्हणजे काय?

होमब्र्यूचा सरळ अर्थ घरी बनवलेलं. कंपनीच्या परवानगीची वाट न बघता हौशी प्रोग्रामरनी एखाद्या कन्सोलसाठी लिहिलेलं सॉफ्टवेअर म्हणजे होमब्र्यू. त्यात नवे छोटे गेम असतात, व्हिडिओ प्लेअर असतात, मेमरी कार्डातल्या फाइल बघणारे फाइल मॅनेजर असतात. गेमचे बॅकअप चालवणारे लोडर हा त्यातलाच एक प्रकार.

लोकांनी आपल्या मशीनवर प्रोग्राम लिहावेत ही कल्पना सोनीला अगदीच परकी नव्हती. पहिल्या प्लेस्टेशनसाठी सोनीने १९९७ च्या सुमारास हौशी लोकांकरता नेट यारोझ नावाचं खास मशीन विकलं होतं. २००२ मध्ये पीएस टूसाठी लिनक्स किट आलं. त्यात हार्ड डिस्क, कीबोर्ड, माउस आणि नेटवर्क अडॅप्टर मिळायचं. पण त्या लिनक्सवर लिहिलेला प्रोग्राम दुसऱ्याच्या साध्या पीएस टूवर डिस्कने चालवता येत नव्हता. दार उघडलं होतं, पण अर्धंच.

पुढचं अर्धं दार हौशी लोकांनी स्वतः उघडलं.

पीएस टूचं कुलूप नेमकं काय तपासतं?

पीएस टूची गेम डिस्क ही दिसायला साधी डीव्हीडीच. सिनेमाच्या डीव्हीडीवर असतं तसं एन्क्रिप्शन तिच्यावर नसतं. कॉम्प्युटरच्या डीव्हीडी ड्राइव्हमध्ये टाकली, तर आतल्या फाइल सरळ दिसतात.

मग कॉपी केलेली डिस्क का चालत नाही?

कारण खऱ्या डिस्कवर कारखान्यातच एक ओळख उमटवलेली असते. घरातल्या साध्या रायटरला ती लिहिता येत नाही. पीएस टूमध्ये मेकाकॉन नावाची एक चिप आहे. डिस्क फिरवणं, लेन्स हलवणं ही कामं तीच सांभाळते आणि डिस्कची ही ओळखही तीच तपासते. ओळख सापडली तर गेम सुरू, नाही सापडली तर लाल स्क्रीन.

ही चिप खालीलपैकी कुठल्याच दोन डिस्कमधला फरक ओळखू शकत नाही :

- फूटपाथवर ५० रुपयांना मिळालेली पायरेटेड कॉपी
- स्वतः विकत घेतलेल्या गेमची घरी बनवलेली बॅकअप कॉपी
- एखाद्या मुलाने स्वतः लिहिलेला प्रोग्राम

तिच्या लेखी तिन्ही सारख्याच, तिन्ही बाहेर. आणि मजा अशी की ओरखडे पडल्यामुळे जिची ओळख वाचता येत नाही, ती खरी डिस्कही तिच्या लेखी बाहेरच.

होमब्र्यूवरून होणारा वाद इथूनच सुरू होतो. कुलूप एक आणि ते उघडणारी किल्लीही एक. पण किल्ली वापरणाऱ्यांचे हेतू वेगवेगळे.

आधी आली मोडचिप

सुरुवातीच्या काळात या कुलपावर मुख्य तोडगा होता मोडचिप. मशीन उघडायचं, मदरबोर्डवर बारीक वायरी सोल्डर करायच्या आणि एक छोटी चिप बसवायची. खरी ओळख सापडली आहे, असं ही चिप मेकाकॉनला भासवायची.

भारतात ज्यांनी त्या काळात पीएस टू घेतला, त्यांना हा शब्द नवा नाही. "चिपवाला हवा की बिगर चिपवाला?" हा प्रश्न तेव्हा दुकानात सर्रास विचारला जायचा. चिपवाला घेतला की स्वस्तातल्या कॉपी डिस्क चालायच्या. एका ओरिजिनल गेमच्या किमतीत कॉपीच्या ढीगभर डिस्क यायच्या, म्हणून बहुतेकांची निवड ठरलेली असायची.

पण सोल्डरिंग चुकलं की मशीन गेलं. शिवाय कमकुवत झालेल्या लेन्सला घरी राईट केलेल्या डिस्क वाचताना जास्त त्रास होतो. म्हणजे ज्या लेन्सवर सगळं अवलंबून, तिची चिंता मोडचिपने मिटत नव्हतीच.

मग मशीन न उघडता रस्ता सापडला

२००३ मध्ये इंडिपेंडन्स नावाचा एक्सप्लॉइट आला. एक्सप्लॉइट म्हणजे सॉफ्टवेअरमधल्या चुकीचा फायदा घेऊन आपला प्रोग्राम चालवून घेणं.

पीएस टूवर जुन्या पहिल्या प्लेस्टेशनचे गेमही चालतात. असा गेम टाकला की मशीन मेमरी कार्डावरची एक छोटी यादी वाचायचं. त्या यादीत ठरावीक जागेपेक्षा जास्त मजकूर भरला, तर तो मशीनच्या मेमरीत भलतीकडे सांडायचा आणि त्यात लपवलेला प्रोग्राम चालू व्हायचा. ना सोल्डरिंग, ना स्क्रू ड्रायव्हर. पण दर वेळी पहिल्या प्लेस्टेशनची खरी डिस्क लागायची आणि हा उपाय जुन्या मॉडेलपुरताच होता.

खरा बदल २००८ मध्ये फ्री एमसी बूटमुळे झाला. यातलं एमसी म्हणजे मेमरी कार्ड.

यामागची गोष्ट भारी आहे. जपानमध्ये पीएस टू पहिल्यांदा विकायला आला, तेव्हा डीव्हीडी सिनेमे चालवण्याचं सॉफ्टवेअर मशीनमध्ये नव्हतंच. ते मेमरी कार्डावर दिलेलं असायचं. त्यामुळे सुरू होताना मेमरी कार्डावर सिस्टिमचं एखादं अपडेट आहे का, हे बघण्याची सोय सोनीनेच मशीनमध्ये ठेवली होती.

फ्री एमसी बूट नेमकं तिथेच बसतं. मशीन अपडेट शोधायला जातं, त्याला अपडेटच्या रूपात हा प्रोग्राम सापडतो आणि तो चालू होतो. मशीनच्या आत काहीही बदलत नाही. कार्ड काढून घेतलं की पीएस टू पुन्हा कारखान्यातून आल्यासारखा.

एक मेख मात्र आहे. या फाइल त्या-त्या कार्डाच्या ओळखीशी बांधलेल्या असतात. म्हणून मित्राच्या कार्डावरून फाइल नुसत्या कॉपी करून भागत नाही. प्रत्येक कार्डावर इन्स्टॉलर चालवावा लागतो.

आधी कोंबडी की आधी अंडं?

आता प्रश्न येतो, इन्स्टॉलर चालवायचा कसा? तो स्वतःच होमब्र्यू आहे. होमब्र्यू चालवायला फ्री एमसी बूट हवं आणि फ्री एमसी बूट टाकायला होमब्र्यू चालायला हवं.

बरीच वर्षं याचं सोपं उत्तर हे होतं : ज्याच्याकडे आधीच सोय आहे, अशा कुणाच्या तरी मशीनवर कार्ड तयार करून घ्यायचं.

२०२० मध्ये हा पेच सुटला. सीटर्ट या टोपणनावाने काम करणाऱ्या एका सुरक्षा संशोधकाने फ्री डीव्हीडी बूट जाहीर केलं. पीएस टूच्या डीव्हीडी प्लेअरमध्ये, म्हणजे सिनेमा चालवणाऱ्या भागात, त्याला चूक सापडली होती. सिनेमाची डीव्हीडी घरी राईट केलेली असली तरी पीएस टू ती चालवतोच. म्हणून डीव्हीडीच्या माहितीच्या फाइलमध्ये फेरफार करून साध्या कोऱ्या डिस्कवर ती लिहिली, मशीनमध्ये टाकली, की होमब्र्यू सुरू. वीस वर्षं जुन्या मशीनला नवा दरवाजा मिळाला.

पण इथे एक गोष्ट लक्षात ठेवायची. या उपायाला चालू लेन्स लागते. म्हणून कुणाकडे अजून डिस्क वाचणारा पीएस टू असेल, तर मेमरी कार्ड तयार करण्याची वेळ आत्ताच आहे. लेन्स पूर्ण गेली की मग दुसऱ्याच्या मशीनवर तयार केलेलं कार्डच शोधावं लागतं.

आपल्या मशीनला काय चालेल?

मशीनच्या मागे किंवा खाली मॉडेल नंबर छापलेला असतो. सगळं त्यावर ठरतं.

जाडे मॉडेल, ३०००० आणि ५०००० मालिका : मागे हार्ड डिस्क बसवायला जागा असते. फ्री एमसी बूट चालतं. नेटवर्क अडॅप्टर मिळाला, तर आत हार्ड डिस्क लावता येते आणि सगळ्यात चांगला अनुभव याच मॉडेलवर मिळतो.

स्लिम, ७०००० मालिका आणि पुढचे : २००४ पासून आलेले. हार्ड डिस्कची जागा गेली, पण नेटवर्कचं पोर्ट मशीनमध्येच आलं. फ्री एमसी बूट चालतं.

शेवटचे स्लिम, ९०००० मालिका : इथे नीट बघावं लागतं. या मालिकेतल्या सुरुवातीच्या मशीनवर फ्री एमसी बूट चालतं. पण २००८ च्या शेवटाकडे सोनीने मेमरी कार्डवरच्या अपडेटचं ते दार बंद केलं. त्यानंतर बनलेल्या मशीनसाठी ओपनट्यूना नावाचा दुसरा उपाय आहे. त्यात मेमरी कार्डाचा ब्राउझर उघडला, की कार्डावरच्या आयकॉनमधून प्रोग्राम सुरू होतो.

भारतात पीएस टू बराच उशिरापर्यंत विकला गेला. त्यामुळे आपल्याकडच्या घरांमध्ये हे शेवटचे स्लिम असण्याची शक्यता चांगलीच आहे. कार्ड विकत घेण्याआधी मॉडेल नंबर बघितला तर पैसे वाचतात.

बॅकअप कसा बनतो आणि कसा चालतो?

यात दोन कामं आहेत. डिस्कची फाइल बनवायची आणि ती फाइल मशीनला वाचून दाखवायची.

पहिलं काम कॉम्प्युटरवर होतं. ओरिजिनल डिस्क कॉम्प्युटरच्या डीव्हीडी ड्राइव्हमध्ये टाकायची आणि इमेजबर्नसारख्या मोफत सॉफ्टवेअरने तिची आयएसओ फाइल बनवायची. आयएसओ म्हणजे डिस्कवरच्या सगळ्या माहितीची जशीच्या तशी एक मोठी फाइल. पीएस टूचे बहुतेक गेम चंदेरी डीव्हीडीवर आहेत. काही छोटे गेम खालून निळ्या दिसणाऱ्या सीडीवर येतात. त्यांची आधी वेगळ्या प्रकारची फाइल बनते आणि ती आयएसओमध्ये बदलून घ्यावी लागते.

या कामाला पीएस टूची लेन्स लागतच नाही. उलट, कन्सोलने नाकारलेली डिस्क कॉम्प्युटरच्या चांगल्या ड्राइव्हने वाचली, असं बऱ्याचदा होतं. कॉपी बिनचूक झाली का, हे तपासायला रिडम्प नावाच्या प्रकल्पाची यादी उपयोगी पडते. खऱ्या डिस्कच्या माहितीचे डिजिटल ठसे त्यात नोंदवलेले आहेत. आपल्या फाइलचा ठसा जुळला, तर कॉपी शंभर टक्के खरी.

दुसरं काम ओपन पीएस टू लोडर करतं. लोक त्याला ओपीएल म्हणतात. हे मोफत आणि ओपन सोर्स सॉफ्टवेअर आहे.

गेम चालू असताना सतत मशीनला सांगत असतो, "डिस्कवरचा अमुक भाग वाचून दे." ओपीएल ही मागणी मध्येच पकडतं, तोच भाग आयएसओ फाइलमधून काढतं आणि गेमच्या हातात देतं. गेमला वाटतं डिस्कच फिरतेय. मेकाकॉनकडे डिस्क जातच नाही, त्यामुळे ओळख तपासण्याचा प्रश्नच येत नाही.

फाइल ठेवायच्या जागा मुख्यतः तीन :

पेन ड्राइव्ह. सगळ्यात सोपा, पण सगळ्यात हळू. पीएस टूचं यूएसबी पोर्ट १.१ या जुन्या दर्जाचं आहे. कागदावर त्याचा वेग सेकंदाला १.५ एमबी, प्रत्यक्षात त्याहून कमी. मशीनचा डीव्हीडी ड्राइव्ह मात्र सेकंदाला साधारण ५ एमबी वाचू शकतो. म्हणून पेन ड्राइव्हवर गेम चालतो, पण मधले व्हिडिओ अडखळतात आणि लोडिंगला वेळ लागतो. महागडा नवा पेन ड्राइव्ह घेऊनही हा वेग वाढत नाही, कारण अडथळा पोर्टमध्ये आहे.

नेटवर्क. स्लिम मशीन केबलने राउटरला जोडायचं आणि गेम कॉम्प्युटरवरच्या शेअर केलेल्या फोल्डरमधून चालवायचे. वेग चांगला मिळतो. पण यासाठी विंडोजमधली फाइल शेअरिंगची एक खूप जुनी पद्धत चालू करावी लागते. तिचं नाव एसएमबी वन. २०१७ मध्ये जगभर धुमाकूळ घालणारा वॉनाक्राय व्हायरस याच जुन्या पद्धतीतल्या त्रुटीतून पसरला होता. म्हणून ऑफिसची कामं किंवा बँकेचे व्यवहार होतात त्या कॉम्प्युटरवर ती चालू न केलेली बरी.

हार्ड डिस्क. फक्त जाड्या मॉडेलसाठी. वेग उत्तम आणि अडचणीही कमी.

नव्या लोकांना सर्वात जास्त त्रास देणाऱ्या गोष्टी दोन आहेत. पहिली म्हणजे पेन ड्राइव्हचा फॉरमॅट. जुन्या फॅट ३२ फॉरमॅटमध्ये ४ जीबीपेक्षा मोठी फाइल मावत नाही आणि गॉड ऑफ वॉर टूसारखा गेम तर दुहेरी थराच्या डीव्हीडीवर आहे. अशा वेळी यूएसबी युटिल नावाच्या सॉफ्टवेअरने फाइलचे तुकडे करावे लागतात. ओपीएलच्या नव्या आवृत्त्या एक्सफॅट फॉरमॅट वाचतात, तिथे ही कटकट नाही.

दुसरी म्हणजे फाइल विस्कटणं. पेन ड्राइव्हवर सारखं काही तरी टाकलं आणि पुसलं, की मोठी फाइल वेगवेगळ्या कोपऱ्यांत विखुरली जाते. ओपीएलला ती सलग लागते. गेम अचानक चालेनासा झाला तर पेन ड्राइव्ह रिकामा करून, फॉरमॅट मारून, गेम एकामागून एक पुन्हा कॉपी करायचे. बहुतेक वेळा तेवढ्यानेच काम होतं.

पण हे कायदेशीर आहे का?

याचं उत्तर एका शब्दात देता येत नाही.

भारताच्या कॉपीराइट कायदा, १९५७ मधलं कलम ५२ कॉपीराइटचा भंग कशाला म्हणायचं नाही, हे सांगतं. त्यात एक सोय आहे. कॉम्प्युटर प्रोग्रामची प्रत ज्याच्याकडे कायदेशीरपणे आहे, तो ती हरवू नये, नष्ट होऊ नये, खराब होऊ नये म्हणून तात्पुरतं संरक्षण या हेतूने बॅकअप प्रत करू शकतो. अट अशी, की तिचा वापर मूळ प्रोग्राम ज्या कामासाठी दिला होता त्याच कामासाठी व्हावा.

म्हणजे स्वतः विकत घेतलेल्या डिस्कचा, स्वतःसाठी बॅकअप, या कल्पनेला भारतीय कायद्यात आधार आहे. गेममध्ये प्रोग्रामसोबत संगीत आणि चित्रंही असतात, त्यामुळे ही सोय अख्ख्या गेमला कितपत लागू होते यावर वकील वाद घालू शकतात.

२०१२ च्या दुरुस्तीने कलम ६५अ आलं. कॉपीराइटचं रक्षण करणारी तांत्रिक कुलपं तोडण्याबद्दलचं हे कलम आहे. शिक्षा दोन वर्षांपर्यंत कैद आणि दंड. पण यात महत्त्वाचा शब्द आहे हेतू. हक्कांचा भंग करण्याच्या हेतूने कुलूप तोडलं तर गुन्हा, अशी त्याची मांडणी आहे.

आणि मग येतं कलम ६३ब. कॉम्प्युटर प्रोग्रामची बेकायदा प्रत जाणूनबुजून कॉम्प्युटरवर वापरणाऱ्याला किमान सात दिवस ते तीन वर्षं कैद आणि ५० हजार ते दोन लाख रुपयांपर्यंत दंड, अशी तरतूद त्यात आहे. इंटरनेटवरून उचललेला गेम पेन ड्राइव्हवर टाकणाऱ्याने हे कलम वाचून ठेवावं. "डिस्क जुनी आहे, कंपनी विकतही नाही, मग काय होतं?" हा बचाव कायद्यात कुठे लिहिलेला नाही. कॉपीराइट दुकान बंद झाल्यावर संपत नाही.

बाहेरच्या देशांत गणित आणखी वेगळं. अमेरिकेत १९९८ च्या डीएमसीए कायद्याने कुलूप तोडण्यालाच मनाई आहे, थोड्या ठरावीक सवलती सोडल्या तर. त्यामुळे पुण्यातल्या घरात जो युक्तिवाद करता येईल, तो न्यू जर्सीत राहणाऱ्या भावाला लागू पडेलच असं नाही.

ऑस्ट्रेलियात यावर खटला थेट सर्वोच्च पातळीच्या हायकोर्टापर्यंत गेला. प्लेस्टेशनच्या मोडचिप विकणाऱ्या एका माणसाविरुद्ध सोनी कोर्टात गेली होती. २००५ मध्ये हायकोर्टाने सोनीच्या विरोधात निकाल दिला. कोर्टाचं म्हणणं साधारण असं होतं, की सोनीचं हे कुलूप डिस्कची कॉपी करण्यापासून कुणाला अडवतच नाही. कॉपी आधीच झालेली असते. कुलूप अडवतं ते फक्त खेळण्यापासून. पुढे ऑस्ट्रेलियाने कायदाच बदलला. पण कुलूप अडवतं कुणाला हा प्रश्न तेव्हा जसा विचारला गेला, तसाच तो आजही आहे.

फसवणुकीपासून सावध

फ्री एमसी बूट, ओपीएल, ओपनट्यूना हे सगळं मोफत आहे. ऑनलाइन जे विकलं जातं, ते कार्ड आणि त्यावर इन्स्टॉल करण्याची मेहनत. त्याचे वाजवी पैसे देण्यात गैर काही नाही. पण खालच्या गोष्टी दिसल्या तर दोन पावलं मागे यावं.

- "२०० गेमसहित हार्ड डिस्क" अशी जाहिरात. ते सरळसरळ पायरेटेड गेम विकणं आहे.
- "कुठल्याही मॉडेलला चालेल" असा दावा. एकच कार्ड सगळ्या मॉडेलवर चालेल याची खात्री नसते.
- फाइल उघडायला पासवर्ड आणि पासवर्डसाठी ॲप डाउनलोड करा, असं सांगणारे व्हिडिओ.

आणखी एक काळजी. मेमरी कार्डात जुने सेव्ह असतील, तर काहीही इन्स्टॉल करण्याआधी त्यांची कॉपी काढून ठेवायची. यूलाँच एल्फ नावाचा होमब्र्यू फाइल मॅनेजर हे सेव्ह पेन ड्राइव्हवर उतरवून देतो. मशीन सुरू होताना दिसणारे ते मनोरे याच सेव्हमधून उभे राहतात. जितके खेळलात, तितकी त्यांची गर्दी. २००६ ची उन्हाळ्याची सुट्टी त्या आठ एमबीच्या कार्डात असते आणि ती दुसऱ्यांदा मिळत नाही.

एवढा खटाटोप कशासाठी?

मोबाइलवर हजारो गेम फुकट मिळत असताना वीस वर्षं जुन्या मशीनच्या मागे का लागायचं, असा प्रश्न कुणालाही पडेल.

अमेरिकेतल्या व्हिडिओ गेम हिस्टरी फाउंडेशनने २०२३ मध्ये एक अभ्यास प्रसिद्ध केला. २०१० आधी अमेरिकेत आलेल्या गेमपैकी ८७ टक्के गेम आज बाजारात कुठेच विकत मिळत नाहीत, असं त्यात दिसलं. विकत घ्यायची तयारी असली तरी विकणारा नाही.

जे गेम पुन्हा आले, ते जसेच्या तसे आलेच असं नाही. जीटीए सॅन अँड्रियासच्या रेडिओवरची काही गाणी परवान्यांची मुदत संपल्यावर नंतरच्या आवृत्त्यांतून गायब झाली. पीएस टूच्या जुन्या डिस्कवर ती अजून आहेत.

खेळांच्या गेमची अडचण आणखी मोठी. क्रिकेट ०७ ईए कंपनीचा शेवटचा मोठा क्रिकेट गेम ठरला. खेळाडूंची नावं, स्पर्धांचे हक्क असे कितीतरी करार अशा गेममागे असतात. ते नव्याने करून कुणी जुना गेम पुन्हा बाजारात आणेल, ही आशा धूसरच.

आणि भारतात बनलेले गेम? पीएस टूच्या शेवटच्या वर्षांत आपल्याकडे त्यासाठी गेम बनू लागले होते. २००९ मध्ये हैदराबादच्या ऑरोना टेक्नॉलॉजीजचा हनुमान : बॉय वॉरियर आला. भारतात बनलेला पहिला कन्सोल गेम म्हणून त्याची ओळख करून दिली गेली. त्याच सुमारास देसी अड्डा आला. त्यात कबड्डी, पतंग आणि विटीदांडू होते. मुंबईच्या ट्राइन गेम्सने गल्ली क्रिकेटवर स्ट्रीट क्रिकेट चॅम्पियन्स बनवला. पुढे रा.वन आणि डॉन टू या सिनेमांवरचे गेमही पीएस टूवर आले.

यातले काही गेम बरे होते, काहींवर टीका झाली. पण भारतातल्या कन्सोल गेमची सुरुवात तिथे आहे. त्यांच्या नव्या डिस्क आता छापल्या जात नाहीत. ज्या आहेत, त्या घरोघरी कपाटात, कव्हरशिवाय, एकमेकींवर रचून ठेवलेल्या. त्यातली प्रत्येक डिस्क दर पावसाळ्यात थोडी थोडी म्हातारी होते.

जुन्या मराठी सिनेमांच्या रिळांचं काय झालं हे अनेकांना माहीत आहे. कितीतरी सिनेमांची एकही प्रत उरली नाही, कारण त्या वेळी कुणाला ती जपावीशी वाटली नाही. गेमच्या बाबतीत ती वेळ अजून गेलेली नाही. डिस्क आहेत, त्या वाचणारे कॉम्प्युटर आहेत आणि चालणारी मशीनही आहेत.

म्हणून माळ्यावर पीएस टू असेल तर क्रम साधा ठेवायचा. आधी मॉडेल नंबर बघायचा. मग मेमरी कार्डातले सेव्ह उतरवून घ्यायचे. मग आपल्याकडच्या ओरिजिनल डिस्कच्या फाइल बनवायच्या आणि त्या दोन वेगळ्या ठिकाणी ठेवायच्या. ओपीएलवर गेम चालवणं हे त्यानंतरचं.

आणि डिस्क मात्र फेकायच्या नाहीत. बॅकअप आपलाच आहे, याचा सगळ्यात मोठा पुरावा तीच डिस्क असते.